अडीच पौंडांचा चाप

३ एप्रिल, सोमवार

नवी वही. कुणी वाचायची नाही. म्हणून खरं लिहायचं.

ऑगस्टमध्ये नेमबाजीची राज्य स्पर्धा. काऊ क्रीक क्लबची टीम चौघांची. तीन पुरुष, चौथी जागा बाईची. अकरा वर्षं ती जागा आईची होती. गेल्या सप्टेंबरात चालू मॅचमध्ये तिच्या बोटांनी दगा दिला. सांधे सुजलेले, चाप मागे ओढलाच जाईना. तिनं पिस्तूल रिकामं केलं, म्यानात ठेवलं आणि टार्गेटांची भोकं चिकटवायला गेली. त्यावर घरात कुणी एक शब्द काढला नाही. आमच्याकडे महत्त्वाच्या गोष्टींवर बोलत नाहीत.

जागा रिकामी. मुली दोन. मी तेवीस, मर्सी एकोणीस. बाबा मॅच डायरेक्टर. आज जेवताना म्हणाले, मे, जून, जुलै, तीन मॅचेसची बेरीज. जिची जास्त ती जाणार. रडारड चालणार नाही. बोलताना ते माझ्याकडे बघत होते. याचा अर्थ त्यांना माझ्याकडून अपेक्षा आहेत.

गेल्या वर्षी पाचही मॅचेसमध्ये मर्सी माझ्या पुढे होती. का, याचा आज शांतपणे विचार केला. उभं राहणं: बरोबर. श्वास: बरोबर. पकड: बरोबर. उरलं पिस्तूल.

४ एप्रिल, मंगळवार

आईनं आम्हा दोघींना बारावीपर्यंत घरीच शिकवलं, याच जेवणाच्या टेबलावर. उत्तर चुकलं की ती उत्तराकडे बघायची नाही. चुकलेली पायरी शोधायला लावायची. मी पायरी शोधली आहे. माझ्या पिस्तुलाचा कारखान्यातला चाप साडेपाच पौंडांचा. एवढ्या जोरानं ओढताना नेम हलणारच. कुणाचाही हलेल. (मर्सीचा हलत नाही. तिचे हात जाड आहेत.)

नवा चाप मागवला.

रात्रीच्या प्रार्थनेत आईच्या बोटांसाठी मागणं मागितलं. घाई नाही, असंही सांगितलं.

१२ एप्रिल, बुधवार

बाहेर बर्फ. चाप आला. पोस्टाची गाडी चालवणारी लोर्ना खिडकीतून पाकीट देताना म्हणाली, रूशा, मागच्या आठवड्यात स्प्रिंग, आज चाप. पोरी, बंदूक हप्त्याहप्त्यानं घेतेयस का? मी हसले. टेकडीखालच्या लोकांना वाटतं आम्हाला थट्टा कळत नाही, म्हणून मी नेहमी हसते.

टेबलावर रबरी चटई घातली. भाग सुटे केले. प्रत्येकाखाली कागदाची चिठ्ठी. मर्सी दूध घालून सीरियल खात बघत बसली. म्हणाली, ताई, मृत माणसाच्या पायाला बांधतात तशा चिठ्ठ्या लावल्यास.

चार तास. एक छोटी पिन फ्रीजखाली गेली. सापडली. तिच्याबरोबर मटाराचे दोन दाणे आणि मर्सीचा दुधाचा दात.

बाबांनी त्यांच्या काट्यावर चाप मोजला: अडीच पौंड. पिस्तूल उलटसुलट केलं, रबरी हातोडीनं ठोकलं, आपसूक घोडा पडतोय का पाहिलं. पडत नाही. म्हणाले, काम स्वच्छ आहे. मी हे शब्द मुद्दाम जसेच्या तसे लिहून ठेवते आहे.

१५ एप्रिल, शनिवार

क्लबवर सराव. पन्नास गोळ्या. चाप लोण्यासारखा. मोजली नाहीत, पण बरीच भोकं मध्याकडे होती. मध्याकडे म्हणजे त्या दिशेला.

निदान पूर्ण झालं असं नाही. मागची खाच आणि टोकावरची काडी जुळवून नेम धरणं ही जुनी पद्धत. मागच्या पिढीची. लाल ठिपक्याची काच मागवली. ठिपका जिथे, गोळी तिथे. यात माणसाला चुकायला जागाच नाही.

२२ एप्रिल, शनिवार

ठिपका बसवायला सरकपट्टीही (दर गोळीच्या धक्क्यानं मागे जाऊन पुढची भरते ती) वेगळी लागते. ती आली. तिच्याबरोबर नळी बदलली, कारण अर्धवट काम मला जमत नाही.

काढलेलं सगळं बुटांच्या खोक्यात ठेवलं. जुना चाप, जुनी नळी, जुनी सरकपट्टी, खाच, काडी, स्प्रिंगा. मर्सीनं विचारलं, हे टाकणार? म्हटलं, ने. तिनं गालाचा मुका घेतला. दान करताना मन हलकं होतं ते असं.

४ मे, गुरुवार

दान करताना चौकशी करावी.

मर्सी आज गावातल्या दुकानातून नुसता सांगाडा घेऊन आली. ज्याच्यावर नंबर असतो तो. कायद्याला बंदूक म्हणून तेवढाच ठाऊक. त्यासाठी फॉर्म, त्यासाठी चौकशी. बाकीचं सगळं कुणीही कुणालाही देऊ शकतं, मोज्यांसारखं. म्हणजे तिला एकवीस व्हायच्या आत स्वतःचं पिस्तूल मिळणार नाही, बाबांच्या उसन्यावरच भागवावं लागेल, म्हणून मी निश्चिंत होते, तर सांगाडा बाबांच्या नावावर. तिनं माझं खोकं टेबलावर ओतलं आणि वीस मिनिटांत पिस्तूल उभं केलं. चिठ्ठ्या नाहीत. चटई नाही. बशीत अर्धा डोनट.

म्हणाली, ताई, बघ, तुझं जुनं पिस्तूल परत आलं. फक्त त्याला आता चांगली मालकीण मिळाली.

आई पलीकडे बटाटे सोलत होती. सोलत होती म्हणजे सोलायचा प्रयत्न करत होती. तिच्या खांद्यांवरून कळलं की ती हसली.

मला वाईट वाटलं नाही. ते भाग नाकारलेले आहेत. नाकारलेल्या भागांशी स्पर्धा असणं ही माझ्यासाठी अनुकूल गोष्ट आहे.

१३ मे, शनिवार. पहिली मॅच

वारा. सव्वीस नेमबाज.

पहिला टप्पा: टार्गेटाचे आठ पुठ्ठे, एक खिडकी, तिच्यातून मारायचं. टायमर वाजला. पहिल्या सहा गोळ्या. मग ठिपका दिसेना. कारण काच दिसेना. काच पिस्तुलावर नव्हतीच. स्क्रूला चिकट द्रव लावायचा राहिला. लावला असता तर माझी वेळ चांगली आली असती, हे नक्की.

मिस्टर स्टोबर रेंज ऑफिसर होते. त्र्याहत्तर वर्षांचे, फार अदबीचे. त्यांनी गवतातून काच उचलली, रुमालानं पुसली आणि सगळ्यांसमोर माझ्या हातात देत म्हणाले, मिस, तुमचं काहीतरी पडलं.

एकोणिसावी. मर्सी सहावी.

गाडीत बाबा म्हणाले, कारखान्यातली काडी कधी पडत नाही. मर्सी म्हणाली, ती माझ्याकडे आहे.

१४ मे, रविवार

चर्चमध्ये गेल्या गेल्या तिघांनी विचारलं, काच सापडली का. पाद्रीही हसले. त्यांनी क्षमेवर प्रवचन केलं. मी क्षमा केली. कुणाकुणाला, त्याची यादी वेगळ्या पानावर.

निर्णय: मर्सीची पकड, उभं राहणं, सामान, सगळं नीट पाहायचं. शिकण्यासाठी.

२७ मे, शनिवार

शिकले. मर्सीची गोळ्यांची मॅगझिनं ठेवायची पहिली खोळ कमरेच्या हाडाच्या पुढे असते. क्लबच्या नियमपुस्तिकेत स्पष्ट आहे, तिच्या, म्हणजे साध्या पिस्तुलांच्या, वर्गात खोळी हाडाच्या मागे हव्यात. अंतर साधारण दोन बोटं.

तिला आज सांगावं की मॅचच्या दिवशी सांगावं? खूप विचार केला. आज सांगितलं तर ती चूक गुपचूप झाकली जाईल. चूक उघड्यावर दुरुस्त झाली तर सगळ्यांनाच धडा मिळतो. मला यात काही मिळवायचं नाही.

१० जून, शनिवार. दुसरी मॅच

पहिला टप्पा संपल्यावर मी मिस्टर स्टोबरना पुस्तिकेचं पान दाखवलं. त्यांनी पान वाचलं, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा पान वाचलं. म्हणाले, मिस हॅल्वरसन, ती तुमची बहीण आहे ना? म्हटलं, म्हणूनच.

मर्सीचा टप्पा शून्य झाला. तिनं तिथेच खोळ मागे सरकवली. रडली नाही. मला म्हणाली, नियमबाई, आता तुझ्या तोंडावर काय लावलंयस ते पण सांग की त्यांना. ती माझ्या नव्हे, पिस्तुलाच्या तोंडाबद्दल बोलत होती. गेल्या आठवड्यात मी नळीच्या तोंडाला कॉम्प बसवला होता. चार भोकांचा ठोकळा. गॅस वर फेकतो, म्हणजे नळी उडत नाही.

तिचं म्हणणं खरं होतं. कॉम्पवाल्यांचा वर्ग वेगळा. मी ते पान वाचलंच नव्हतं. मी तसं लगेच सांगून टाकलं, स्वतःहून, मोठ्यानं. बाबा लांबून म्हणाले, रूशा, पोरी, एक दिवस तरी गप्प बस.

तर मला खुल्या वर्गात टाकलं. तिथे दोघेच असतात. मिस्टर स्टोबरांचे भाऊ आणि एक निवृत्त दंतवैद्य. दोघंही चाळीस वर्षं नेमबाजी करतात.

तिसरा क्रमांक आला.

बेरजेत मात्र वर्ग बघत नाहीत, गुण बघतात. मर्सी शून्य टप्प्यासकट पुढेच आहे. अंतर कमी झालं. विवेकाचं फळ.

जेवायला कुणी माझ्याकडे मीठ सरकवलं नाही. उठून घेतलं.

११ जून, रविवार

आईनं प्रथमच विषय काढला. भांडी विसळत होते तेव्हा मागे येऊन उभी राहिली. तुला ती खोळ कधी दिसली, म्हणाली. म्हटलं, दोन आठवड्यांपूर्वी. बरं, म्हणाली. टॉवेल बोटांत अडकेना म्हणून मनगटावर टाकला आणि गेली.

बरं म्हणजे बरं. तिला पटलं असावं.

२३ जून, शुक्रवार

मी काम करते त्या धान्य कोठाराच्या वजनकाट्यावर सध्या ट्रक कमी. कामावर बसून हिशेब मांडला. जुलैमध्ये मला मर्सीपेक्षा साठ गुण जास्त हवेत. शक्य आहे. धक्का आणखी कमी व्हायला हवा.

बाबांच्या यंत्रावर माझी काडतुसं मी स्वतः भरणार. अगदी हळुवार, बारूद कमी घालून. कॉम्पनं धक्का कमी, काडतुसानं धक्का कमी. दोन्ही मिळून धक्का उरतच नाही. हे कुणाला सुचलं कसं नाही? बाबांना सांगितलं. त्यांनी भुवया वर केल्या आणि बिअर घेऊन ओसरीवर गेले. भुवया वर जाणं म्हणजे आमच्या घरात कौतुकच.

१ जुलै, शनिवार

काडतुसं तयार. तीनशे. एकेक तपासून डब्यात. उडवून पाहायला वेळ झाला नाही. गव्हाची पहिली कापणी आली आणि काट्यावर सुट्टी नाही. पण गणित स्वच्छ आहे.

लोर्नानं शेवटचं पाकीट दिलं. पकड घट्ट बसावी म्हणून मुठीला लावायची खरखरीत टेप. म्हणाली, आता काय उरलं? म्हटलं, काही नाही. म्हणाली, मग नेमबाज कधी मागवतेस?

हसले.

८ जुलै, शनिवार. तिसरी मॅच

संध्याकाळी साडेसहा. क्रमानं लिहायचं.

पहिला टप्पा. पहिली गोळी बसली. दुसरी नाही. सरकपट्टी अर्ध्यातच थांबली. ओढली, सोडली. एक गोळी. पुन्हा थांबली. बारा गोळ्यांचा टप्पा. बारा वेळा हातानं ओढावी लागली. मागे बसलेल्यांपैकी कुणीतरी मोजत होतं. मोठ्यानं. आठनंतर सगळेच मोजू लागले.

दुसरा टप्पा तसाच. तिसरा तसाच.

मर्सीचा शेवटचा टप्पा संपला, बेरीज तिथेच संपली. ती पुठ्ठ्यावरून उडी मारून आली आणि मला मिठी मारली. तिला वाटलं असेल मी रडते आहे.

मग मी बोलले. बोलायला नको होतं. म्हटलं, हे पिस्तूलच बिघडलेलं आहे, हे पृथ्वीवर कुणालाही उडवता येणार नाही, मी तर काय कुणीही असतं तरी हेच झालं असतं. वीस माणसं ऐकत होती.

आई टार्गेटं चिकटवत होती. चिकटपट्टीचं रिंगण हातावर बांगडीसारखं घातलेलं. ती चालत आली. माझा काडतुसांचा डबा उघडला, एक काडतूस कानाशी हलवलं, डबा बंद केला. म्हणाली, फार हलकं भरलंयस. गॅस वर फेकलास तर पट्टी मागे ढकलायला राहिलं काय?

एवढंच. तीनशे काडतुसं, एक वाक्य.

मग तिनं बाबांकडून दुकानातली काडतुसं घेतली, माझं पिस्तूल उचललं आणि शेवटच्या टप्प्याच्या रेषेवर उभी राहिली. बाबांनी तिला बोटांबद्दल काहीतरी विचारलं, हळू आवाजात. ती म्हणाली, ऑरिन, टायमर धर.

आईचा टप्पा मी पूर्ण पाहिला. बत्तीस गोळ्या. एकदाही अडकलं नाही. तिचं बोट चापावर नुसतं टेकायचं, आणि तेवढं पुरायचं. सुजलेल्या बोटानं साडेपाच पौंड ओढता येत नाहीत. अडीच ओढता येतात. जुन्या काडीवर तिला हल्ली दोन काड्या दिसायच्या, हे मला माहीत नव्हतं. ठिपका तिला एकच दिसला. नळी उडाली नाही, म्हणून मनगट दुखलं नाही.

पोलादी चकत्या एकेक करून पडल्या. टण. टण. टण. टण. टण. टण.

मर्सीपेक्षा तीन सेकंद कमी. सगळ्या पुरुषांपेक्षाही, एक सोडून. टाळ्या इतक्या झाल्या की मिस्टर स्टोबरांनी त्या ऐकायला कानांवरचे आवाजरोधक कप काढले.

आईनं पिस्तूल रिकामं करून दाखवलं. मग ते हातात धरून बराच वेळ बघत राहिली. माझ्याकडे नाही. पिस्तुलाकडे. म्हणाली, किती छान झालंय गं हे.

९ जुलै, रविवार

जेवताना बाबांनी सांगितलं, चौथी जागा वर्नाची. आईचं नाव घेऊन. मर्सी म्हणाली, अर्थात, आणि तिला कोपर मारलं. मर्सीनं जिंकलेली जागा तिनं बटाट्यांचा वाडगा पुढे करावा तशी पुढे केली.

मी म्हटलं, बेरीज तीन मॅचेसची ठरली होती. आई एकच टप्पा खेळली. नियम नियम आहे.

बाबा म्हणाले, तो नियम जागा रिकामी होती म्हणून होता.

म्हटलं, पण पिस्तूल माझं आहे.

मर्सीनं काटा खाली ठेवला. आई माझ्याकडे बघत होती. रागानं नाही. मी वजाबाकी चुकवली की बघायची तसं. तिचे हात ताटाच्या दोन बाजूंना पडलेले होते आणि बोटं पूर्ण सरळ होत नव्हती.

म्हणाली, हो, तुझंच आहे. मला उसनं देशील का?

मी अकरा वर्षं वाट पाहिली होती की आई मला काहीतरी मागेल.

दिलं.

१४ जुलै, शुक्रवार

रोज संध्याकाळी आई सराव करते. मर्सी पुठ्ठे लावते. दोघींचं हसणं काट्यापर्यंत ऐकू येतं असं वाटतं, पण काटा सहा मैलांवर आहे.

प्रार्थना. आईच्या बोटांसाठी काय मागायचं ते सुचेना. वगळलं.

मिस्टर स्टोबर कोठारावर आले. टोपी हातात. त्यांच्या पत्नीच्या बोटांचंही तसंच झालंय. तिच्यासाठी असं एक पिस्तूल जमवून द्याल का? म्हणाले, नेमबाज खूप आहेत मिस हॅल्वरसन, असा हात फार कमी जणांचा. त्यांना खरंच चांगलं बोलायचं होतं.

२९ जुलै, शनिवार

मी ठरवलं आहे की हीच माझी मूळ योजना होती. अगदी एप्रिलपासून नाही, पण आतून. ज्या मुलीला आईच्या वेदना दिसतात ती असंच करते. चाप हलका, ठिपका मोठा, धक्का कमी. बघितलं तर सगळं आईच्या मापाचं आहे.

हे आज मर्सीला सांगितलं. म्हणाली, ताई, हे आईला नको सांगूस.

का, ते विचारलं नाही.

३ ऑगस्ट, गुरुवार

उद्या पहाटे व्हॅन निघेल. बाबा, आई, टीममधले बाकीचे दोघं. मर्सी पुठ्ठे चिकटवायला जाते आहे. मला विचारलं होतं. कापणी चालू आहे, काटा सोडता येत नाही, असं सांगितलं. मालकांना विचारलं नव्हतं.

आईनं पिस्तूल तपासून ठेवायला सांगितलं. सगळं सुटं केलं, पुसलं, तेल दिलं, स्क्रूंना द्रव लावला, चाप मोजला. अडीच. मग नियमाप्रमाणे उडवून पाहायला एकटी क्लबवर गेले. दुकानातली काडतुसं, दहा यार्ड, स्वच्छ ऊन, वारा नाही, कुणी मोजणारं नाही.

वीस गोळ्या. एकदाही अडकलं नाही.

पुठ्ठ्यावर भोकं सात.

चिठ्ठी लिहून पेटीत ठेवली, आईला वाचता यावी म्हणून मोठ्या अक्षरात: तपासलं. पिस्तुलात दोष नाही.